मिजाजदार मुलीची गोष्ट

लहानपणी एकमेकांशी हाडवैर धरलेली मुलगा-मुलगी मोठेपणी एकमेकांच्या प्रेमात पडतात, ही गोष्ट आपल्या घरांना नवी नाही. आपल्याकडे ती कादंबरीत घडण्याआधी घरातच घडते. मामूच्या मुलाने वेणी ओढली, फुफीच्या मुलीने त्याची वही हौदात टाकली, दोन्ही घरांत महिनाभर कुरबूर झाली, आणि पंधरा वर्षांनी त्याच दोघांचा निकाह लागला. मग शादीत बायका हसून सांगतात, "छोटेपन में दिनरात झगडते थे, अब देखो!" म्हणूनच शंभर वर्षांपूर्वीच्या एका कॅनेडियन कादंबरीतली अशीच गोष्ट आम्ही काही जणींनी मिळून वाचली, तेव्हा मत द्यायला कुणालाच फार विचार करावा लागला नाही. अडचण एवढीच झाली, की मते जुळेनात.

आम्ही म्हणजे एका तालुक्याच्या गावातल्या मोहल्ल्यातल्या आठजणी. त्यात एक निवृत्त मुख्याध्यापिका, ज्यांना सगळेच आपा म्हणतात. एक उर्दू शाळेत शिकवणारी, एक सरकारी दवाखान्यातली नर्स, एक डी.एड. करून नोकरीची वाट पाहणारी, तिघी घर सांभाळणाऱ्या, आणि एक सत्तरी ओलांडलेल्या खाला. इंग्रजी नीट वाचता येणाऱ्या दोघीच. त्या वाचून यायच्या आणि प्रकरणागणिक मराठीतून सांगायच्या. खालांसाठी मध्येमध्ये दखनीतून. वाचन कमी आणि भांडण जास्त, असेच आमचे वाचन झाले. पण त्या भांडणात जे बाहेर आले ते कादंबरीपुरते नव्हते, म्हणून ते लिहून ठेवावेसे वाटते.

लुसी मॉड मॉन्टगोमेरी या लेखिकेची 'ॲन ऑफ ग्रीन गेबल्स' ही कादंबरी १९०८ साली बोस्टनच्या प्रकाशकाने छापली. गोष्ट घडते कॅनडाच्या पूर्व किनाऱ्यावरील प्रिन्स एडवर्ड आयलंड या तांबड्या मातीच्या बेटावर. मॅथ्यू आणि मरिला ही लग्न न केलेली, वय झालेली भावंडे शेतीच्या मदतीला अनाथाश्रमातून एक मुलगा मागवतात. निरोपाच्या घोटाळ्यात मुलगी येते. अकरा वर्षांची, लाल केसांची, अखंड बडबड करणारी ॲन शर्ली. ही पोर यतीम आहे हे कळल्यावर खालांनी तिची बाजू घेतली ती शेवटपर्यंत सोडली नाही. "यतीम की आह नै लेना," एवढे सांगून त्या ऐकायला बसल्या.

ॲन शाळेत जाऊ लागते. वर्गात गिल्बर्ट ब्लाइद नावाचा मुलगा आहे. वयाने मोठा, देखणा, हुशार, आणि मुलींनी आपल्याकडे पाहावे अशी सवय झालेला. ही नवी मुलगी त्याच्याकडे पाहतच नाही. तेव्हा तो तिच्या लाल वेणीचे टोक धरतो आणि तिला गाजर म्हणून चिडवतो. ॲन उठते आणि आपली पाटी त्याच्या डोक्यात घालते. पाटीचे दोन तुकडे होतात. गिल्बर्ट तिथल्या तिथे मास्तरांना सांगतो, की चूक माझी आहे, मी तिला चिडवले. मास्तर ऐकून घेत नाहीत. ॲनला दुपारभर फळ्यासमोर उभे करतात आणि तिच्या डोक्यावर फळ्यावर लिहितात की ही मुलगी फार रागीट आहे. वर तिचे नावही चुकीचे लिहितात.

इथे आमचे पहिले भांडण झाले. शिकवणारी म्हणाली, "मुलाने चिडवलं हे चूक, पण पाटी डोक्यात घालायची म्हणजे काय? उद्या माझ्या वर्गात असं झालं तर मी दोघांनाही शिक्षा करीन." खाला ताडकन म्हणाल्या, "अच्छा करी उने! मारनाच पाहिजे था." आपा मात्र दोघींशीही सहमत नव्हत्या. बत्तीस वर्षे शाळेत काढलेल्या बाईंचे म्हणणे असे, की या प्रसंगात मुलगा आणि मुलगी दोघांचा हिशेब तिथेच पुरा झाला होता. त्याने चिडवले, तिने मारले, त्याने चूक कबूल केली. वैर पुढे चालू राहिले ते मास्तरांमुळे. ज्याने सुरुवात केली तो जागेवर बसून राहिला आणि जिला डिवचले ती फळ्यासमोर उभी राहिली. "मुलीचा राग सगळ्यांना दिसतो. तो कशामुळे आला ते कुणी फळ्यावर लिहीत नाही," आपा म्हणाल्या.

त्या फळ्यावरच्या वाक्याने आमच्यापैकी उर्दू वाचणाऱ्यांना दुसऱ्याच एका पुस्तकाची आठवण झाली. डिप्टी नजीर अहमद यांची 'मिरात-उल-उरूस' १८६९ साली आली. आपल्या आज्या-पणज्यांच्या पिढीत शिकलेल्या मुलींच्या हाती जी मोजकी पुस्तके पडली, त्यांत ते होते. त्यात दोन बहिणी आहेत. थोरली अकबरी हट्टी, रागीट, अल्लड. धाकटी असगरी समंजस, शिकलेली, घर सावरणारी. सासरी दोघींना नावे मिळतात ती अशी: अकबरी ती मिजाजदार बहू आणि असगरी ती तमीजदार बहू. अकबरीचे घर मोडकळीला येते, असगरीचे उभे राहते. मुलींनी शिकावे हे त्या काळात ठामपणे सांगणारे हे पुस्तक, त्याचे मोठेपण आहेच. पण मिजाज असलेल्या मुलीचे पुढे काही चांगले होऊ शकते, ही शक्यता त्यात नाही. मॉन्टगोमेरीने चाळीस वर्षांनी जी मुलगी उभी केली, ती एकाच अंगात अकबरीही आहे आणि असगरीही. ती पाटी फोडते आणि परीक्षेत पहिलीही येते. तिचा मिजाज मोडून तिला तमीज शिकवावी, असे लेखिकेला वाटत नाही. आमच्यातल्या डी.एड. झालेल्या मुलीला कादंबरीतली सगळ्यांत मोठी गोष्ट हीच वाटली.

दुसरे भांडण पुढच्याच प्रसंगावरून झाले. दुसऱ्या दिवशी दुपारच्या सुट्टीनंतर बरीच मुले उशिरा वर्गात येतात. मास्तर त्यातून एकट्या ॲनला निवडतात आणि शिक्षा म्हणून तिला गिल्बर्टशेजारी बसवतात. मुलाच्या शेजारी बसवणे ही शिक्षा, हे आमच्या पिढीला समजावून सांगावे लागले नाही. ॲन पुस्तके उचलून घरी येते आणि या शाळेत पुन्हा जाणार नाही म्हणते. मरिला शेजारणीचा सल्ला घेते आणि तिला काही दिवस घरी राहू देते. पुढे ॲन आपण होऊन शाळेत परत जाते.

इथे घर सांभाळणाऱ्यांपैकी एक, जी एरवी फारशी बोलत नाही, ती बोलली. "ती परत गेली ना? बस. माझं ऐका. मी आठवीत होते. रस्त्यावर एक मुलगा रोज काहीतरी बोलायचा. मी घरी सांगितलं. दुसऱ्या दिवसापासून माझी शाळा बंद. तो मुलगा बारावी झाला." पुढे ती काही बोलली नाही. ती फक्त एका कादंबरीतल्या प्रसंगावर मत देत होती, पण त्यानंतर बराच वेळ कुणी पुस्तक उघडले नाही. आपल्या मोहल्ल्यांतून मुलींची गळती का होते यावर परिसंवादांत पुष्कळ बोलले जाते. गरिबी, शाळेचे अंतर, मुलींची वेगळी शाळा नसणे ही सगळी कारणे खरी आहेत. पण छेडणाऱ्या मुलाला शाळेत ठेवून छेडल्या गेलेल्या मुलीला घरात घेणे, हे कारण आपण सांगत नाही. कारण त्यात सरकारला नाव ठेवता येत नाही.

ॲन पुढे काही वर्षे गिल्बर्टशी बोलत नाही. वर्गात मात्र दोघांची चुरस चालते. कधी ती पहिली, कधी तो. दरम्यान एक प्रसंग येतो. मुली नाटकाचा खेळ खेळत असताना ॲनची होडी गळू लागते आणि ती पुलाच्या खांबाला धरून लोंबकळत राहते. गिल्बर्ट नाव घेऊन येतो, तिला वाचवतो, पुन्हा माफी मागतो आणि दोस्ती करू या म्हणतो. ॲनचे मन क्षणभर वळते, मग जुना अपमान आठवतो आणि ती नाही म्हणते. नंतर तिला स्वतःलाच वाटते की आपण हो म्हणायला हवे होते.

यावर खालांनी पहिल्यांदा ॲनला दोष दिला. मुसलमानाने आपल्या भावाशी तीन दिवसांहून जास्त अबोला धरू नये, अशी हदीस आहे. इथे तर वर्षे लोटली. "इत्ता दिल में रखना अच्छा नै बेटा," त्या म्हणाल्या, जणू ॲन समोरच बसली होती. डी.एड. झालेल्या मुलीने उलट विचारले, "खाला, माफ करणं वेगळं आणि दोस्ती करणं वेगळं. त्याने मागितली म्हणून तिने दोस्ती द्यायलाच पाहिजे का? वाचवलं त्याची किंमत म्हणून?" नर्सचे म्हणणे पडले की किंमत वगैरे काही नाही, मुलगा सरळ मनाने विचारत होता आणि मुलगी नाकामुळे अडली. मते चार विरुद्ध चार झाली. शेवटी आपांनी गुणांच्या यादीकडे बोट दाखवले. शिक्षक होण्यासाठी क्वीन्स या कॉलेजात जायचे, तर त्याच्या प्रवेशपरीक्षेत साऱ्या बेटात ॲन आणि गिल्बर्ट यांचे गुण सारखे येतात, दोघेही पहिले. "हे दोघे बोलत नव्हते हे खरं," आपा म्हणाल्या, "पण एकमेकांना सगळ्यांत जास्त ओळखत होते ते हेच दोघे. ती किती वाजेपर्यंत जागते हे त्याला तिचे गुण पाहून कळत होतं." मुलीच्या रंगावर, उंचीवर, घराण्यावर तिला जोखणारे जग असते, मुलाला दुसरी फूटपट्टी लागते. निकालाची यादी ही एकच जागा अशी, जिथे दोघांना एकच फूटपट्टी लागते. शत्रुत्वातून प्रेम उगवते असे म्हणतात, पण या गोष्टीत ते बरोबरीतून उगवते.

मग तो प्रसंग येतो ज्यावर आम्हा आठजणींचे एकमत झाले. मॅथ्यूचा मृत्यू होतो. ज्या बँकेत सारी पुंजी होती ती बुडते. मरिलाची नजर अधू होत चालली आहे. ॲनला कॉलेजची शिष्यवृत्ती मिळालेली असते. ती सोडून ती घरी राहून शिक्षिकेची नोकरी करायचे ठरवते. गावातल्या शाळेची जागा गिल्बर्टला मिळालेली असते. ॲनची अडचण कळताच तो ती जागा सोडतो आणि दुसऱ्या गावच्या शाळेत जातो, जिथे त्याला राहण्या-खाण्याचा खर्च पदरचा करावा लागणार. तो तिला आधी सांगत नाही, उपकार म्हणून दाखवत नाही, बदल्यात काही मागत नाही. तिला दुसऱ्याकडून कळते. रस्त्यात भेट होते, ती त्याचे आभार मानते आणि वैर संपते. पहिली कादंबरी इथे दोस्तीवरच थांबते. प्रेमाचे नाव नाही. दोनदा तोंडाने मागितलेल्या माफीने जे झाले नाही, ते पगाराच्या नोकरीवर पाणी सोडण्याने झाले. खालांनी यावर एकच शब्द उच्चारला: "शरीफ."

प्रेमाची पाळी येते ती १९१५ साली आलेल्या 'ॲन ऑफ द आयलंड' या भागात. दोघे कॉलेजात आहेत. गिल्बर्ट तिला लग्नाचे विचारतो. ती नाही म्हणते. तो बाजूला होतो. दोन वर्षांहून जास्त काळ जातो. या काळात एक श्रीमंत, रुबाबदार तरुण ॲनच्या आयुष्यात येतो. तिने लहानपणापासून मनात रंगवलेल्या राजकुमारासारखा. तो विचारतो तेव्हा ॲनला कळते की हा आपला नव्हे, आणि ती त्यालाही नाही म्हणते. पुढे गिल्बर्टला विषमज्वर होतो, तो मरणाच्या दारात आहे असे कळते, आणि त्या एका रात्रीत ॲनला आपले मन कळते. तो बरा होतो, पुन्हा विचारतो, ती हो म्हणते.

हे ऐकून डी.एड. झालेली मुलगी म्हणाली, हा तर सिनेमा झाला; आजारी पडल्याशिवाय प्रेम कळत नाही का? तिला उत्तर नर्सने दिले. विषमज्वरावर चालणारे औषध हाती आले १९४८ साली, क्लोरॅम्फेनिकॉल. त्याआधी माणूस जगेल की जाईल हे नशिबावर होते. तेव्हा त्या रात्रीची भीती नाटकी नाही, असे तिचे मत. पण खरी चर्चा नकारावर झाली. आपल्या मुलांना हिंदी सिनेमाने पिढ्यान् पिढ्या शिकवले, की मुलीचे नाही म्हणजे हो. मागे लागा, गाणी म्हणा, रस्ता अडवा, ती वितळेल. गिल्बर्ट मागे लागत नाही. तो नकाराला नकार मानून आपल्या अभ्यासाला लागतो. कादंबरी प्रेमाची आहे, पण तिच्यात सर्वांत जपून ठेवली आहे ती या नकाराची किंमत.

आणि हा काही परक्यांचा संस्कार नव्हे. हे त्या दिवशी आम्हाला खालांनीच सांगितले. मदिनेत बरीरा नावाच्या एक स्त्री होत्या, आधी गुलाम, मग मुक्त झालेल्या. मुक्त झाल्यावर पतीजवळ राहायचे की नाही हे ठरवण्याचा हक्क त्यांना मिळाला आणि त्यांनी वेगळे होणे निवडले. पती मुगीस यांचे त्यांच्यावर अतोनात प्रेम. ते गल्ल्यांतून त्यांच्यामागे रडत फिरत, अश्रू दाढीवर ओघळत. प्रेषित हजरत मुहम्मद (स.) यांना त्यांची दया आली आणि त्यांनी बरीरांना परत जाण्याविषयी सुचवले. बरीरांनी विचारले, हा हुकूम आहे का? हुकूम नाही, मी केवळ रदबदली करतो आहे, असे उत्तर मिळाले. तेव्हा बरीरा म्हणाल्या, मग मला त्यांची गरज नाही. आणि गोष्ट तिथेच संपली. एका मुक्त झालेल्या गुलाम स्त्रीचा नकार खुद्द प्रेषितांनी मानला. बुखारी शरीफमध्ये ही हकीकत आहे. मुगीस यांचे प्रेम खरे होते, याबद्दल कुणाला शंका नाही. पण प्रेम खरे असले म्हणून होकार मिळालाच पाहिजे असे नाही, हे आपल्याला तेव्हाच सांगून झाले आहे.

यानंतर जी बोलली ती आमच्यातली सर्वांत लहान बहू. तिचा निकाह मामूच्या मुलाशी झालेला. लहानपणी दोघांचे विळ्या-भोपळ्याचे नाते, हे साऱ्या खानदानाला ठाऊक. नवरा चांगला आहे, तिची काही तक्रार नाही. ती म्हणाली, "मला त्या ॲनचा हेवा वाटतो तो एकाच गोष्टीचा. तिला दोनदा विचारलं. मी आधी नाही म्हटलं होतं, तर सगळे हसले. लाजते म्हणाले, लहानपणीचा रुसवा अजून गेला नाही म्हणाले." मग वकील आणि दोन गवाह आत आले, महेरची रक्कम सांगितली, रजामंदी विचारली. बाहेर देगी उतरल्या होत्या, पाहुणे सफऱ्यावर बसायचे होते. त्या वेळी विचारलेल्या प्रश्नाला दुसरे उत्तर कोण देणार? कुमारिकेचे मौन हा होकार मानण्याची जी सवलत आहे ती तिच्या लाजेची कदर म्हणून आहे. तिने तोंडाने नाही म्हटलेले असताना तो नकारही लाज म्हणून खपवण्यासाठी ती नाही.

कादंबरीवर एक आक्षेप शेवटपर्यंत टिकला आणि तो नोंदवला पाहिजे. लग्नानंतरची गोष्ट १९१७ सालच्या 'ॲन्स हाउस ऑफ ड्रीम्स'मध्ये येते. गिल्बर्ट डॉक्टर होतो. ॲन पदवीधर झालेली, शाळा चालवलेली. ती आता घर सांभाळते, मुलांची आई होते. शिकवणारीने विचारले, "बरोबरीत पहिले आलेले दोघे. मग एक डॉक्टर आणि दुसरी डॉक्टरीणबाई, हे कसं?" याला कुणाकडे उत्तर नव्हते. तो काळ तसा होता हे खरे. पण आपल्याकडे तो काळ अजून सरलेला नाही. दहावी-बारावीच्या निकालात आपल्या मुली पुढे असतात, त्यांचे सत्कार होतात, जमातीच्या हॉलमध्ये ट्रॉफ्या मिळतात. दोन-तीन वर्षांनी त्याच हॉलमध्ये त्यांचे निकाह होतात आणि ट्रॉफी माहेरच्या शोकेसमध्ये राहते.

तरीही मुलींच्या हाती ही गोष्ट जावी असे आम्हाला वाटते. त्याहून जास्त ती मुलांच्या हाती जावी, यावर आपांचा आग्रह आहे. वेणी ओढणारे हात आपल्या घरांत आहेत, आणि चूक कळल्यावर ती कबूल करणारेही आहेत. त्यांना पुढची पायरी कुणी दाखवलेली नाही. माफी मागून झाल्यावर गप्प राहून आपला वाटा सोडायचा असतो, आणि प्रश्न विचारला तर येईल ते उत्तर घ्यायचे असते. लहानपणचे वैर मोठेपणी प्रेमात बदलेल की नाही, हे कुणाच्या हाती नाही. मुलीला वेळेवर, देगी चुलीवर चढण्याआधी विचारणे मात्र आपल्या हाती आहे.